मण्याचं माहेर कुठलं?

बहुतेक घरांत एक डबा असतो. जुनी बटणं, तुटलेल्या माळेतले मणी, सासूबाईंच्या कुड्यातला निखळलेला मोती, असं टाकवत नाही म्हणून ठेवलेलं बरंच काही त्यात असतं. आपल्या मराठवाड्यात, विशेषतः पैठण, तेर, भोकरदन या बाजूला, अशा डब्यात कधीकधी आणखी काही निघतं. तांबूस अकीकाचा मणी, हिरव्या काचेचा तुकडा, शंखाच्या बांगडीचं अर्धं कडं, नाहीतर झिजून गुळगुळीत झालेलं शिशाचं नाणं. ‘कुठून आलं हो हे?’ असं विचारलं की उत्तर ठरलेलं. ‘खुरपताना सापडलं,’ नाहीतर ‘पाया खणताना निघालं,’ नाहीतर ‘पोरांनी नदीवरून आणलं.’

हे जुनं आहे, फार जुनं आहे, एवढं घरातल्यांना माहीत असतं. पण तो मणी नेमका कुठे, किती खोल आणि कशाबरोबर सापडला हे त्याच दिवशी कुणीतरी लिहून ठेवायला हवं होतं, हे सहसा कुणाच्या मनातही येत नाही. ते लिहिलं गेलं नाही की मणी राहतो, पण त्याचं माहेर हरवतं. आणि माहेर हरवलेल्या वस्तूला इतिहासात फारसं काही सांगता येत नाही.

मी इतिहासाची विद्यार्थिनी. गेली काही वर्षं एका छोट्या संग्रहाच्या जुन्या नोंदवह्या संगणकावर चढवण्याच्या कामाला हातभार लावते आहे. ‘डेटाबेस’ हा शब्द काढला की घरी सगळे जांभया देतात! पण या रुक्ष शब्दामागे काय दडलंय ते कळलं, तर निदान आपण बायकांना तरी तो कंटाळवाणा वाटणार नाही, अशी माझी खात्री आहे. कारण जमिनीतून निघणाऱ्या वस्तूंपैकी कितीतरी आपल्याच संसारातल्या असतात. मणी, बांगड्या, दिवे, पाटे-वरवंटे, मडकी आणि चुली.

काळी आणि पांढरी

आपल्याकडे गावाच्या जमिनीला दोन जुनी नावं आहेत. पिकाची ती काळी आणि वस्तीची ती पांढरी. शेकडो वर्षं माणसं एकाच जागी राहिली की राख, शेण, पडलेल्या भिंतींची माती, फुटकी मडकी असं सगळं साचत जातं आणि त्या जागेची माती पांढुरकी होते. तिचं टेकाड होतं. कुठे त्यावर गढी उभी राहते, कुठे गाव तिथेच नांदत राहतं. पुरातत्त्वाच्या लोकांना जुनी वस्ती शोधायची असली की ते आधी पांढरी कुठे आहे ते विचारतात.

आता याची दुसरी बाजू बघा. आपल्याकडे माळवदाच्या घरांवर पांढरीचीच माती टाकत. पावसात ती गळत नाही, उन्हात घर थंड ठेवते. शेताला चांगली म्हणूनही ती गाड्या भरभरून नेली गेली. म्हणजे गेल्या शंभर-दोनशे वर्षांत मराठवाड्यातल्या कितीतरी टेकाडांचा इतिहास टोपल्याटोपल्यांनी छपरांवर आणि शेतांत गेला. त्या टोपल्या भरणाऱ्या आणि डोक्यावरून वाहणाऱ्या बहुधा बायकाच. त्यातून निघालेला मणी जिनं उचलून पदराला बांधला, तीच खरं तर त्या वस्तूची पहिली शोधक. पण तिचं नाव कुठल्याच वहीत नाही.

छत्रपती संभाजीनगरहून पैठण पन्नास-पंचावन्न किलोमीटरवर आहे. पैठण म्हणजे जुनं प्रतिष्ठान, सातवाहनांची राजधानी. इसवी सनाच्या पहिल्या शतकातल्या एका ग्रीक व्यापाऱ्यानं लिहिलेल्या ‘पेरिप्लस’ या प्रवासग्रंथात पैठण आणि तगर, म्हणजे आजचं तेर, या दोन्ही बाजारपेठांचा उल्लेख आहे. पैठणहून गोमेदासारखे रंगीत खडे आणि तेरहून कापड गाड्यांमधून भडोचच्या बंदराकडे जात असे, असं तो सांगतो. पैठणच्या त्या खड्यांचे मणी तेव्हा समुद्रापार जात होते. आज त्यांचेच भाऊबंद आपल्या डब्यात पडून असतात.

वस्तू बोलते कधी?

एकटी वस्तू फार कमी बोलते. ती कुठे, कोणत्या थरात, कोणाच्या शेजारी पडली होती हे कळलं की मग बोलायला लागते. जवळपासची तीन उदाहरणं सांगते.

पहिलं नेवाशाचं. डॉ. ह. धी. सांकलिया आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९५४ ते १९५६ या काळात तिथे उत्खनन केलं. ताम्रपाषाण काळातल्या, म्हणजे तीन हजारांहून जास्त वर्षांपूर्वीच्या एका लहान मुलाच्या दफनात गळ्यातली तांब्याच्या मण्यांची माळ सापडली. मण्यांच्या आत दोऱ्याचा अंश टिकून होता. तांब्याच्या क्षारांमुळे तो कुजला नाही. तपासणीत त्यात रेशीम आणि कापूस दिसला. हेच मणी कुणा हौशी माणसानं सापडताक्षणी चिंचेनं घासून लख्ख केले असते तर? मणी चमकले असते आणि दोरा कायमचा गेला असता.

दुसरं दायमाबादचं. प्रवरेकाठच्या या गावी १९७४ मध्ये एका भिल्ल शेतकऱ्याला झाडाचं मूळ खणताना चार कांस्य वस्तू सापडल्या. हत्ती, गेंडा, म्हैस आणि बैलांचा रथ. साठ किलोंहून जास्त वजन! भारतातल्या सर्वांत मोलाच्या शोधांपैकी हा एक. पण त्या वस्तू उत्खननात, थराथरानं उकलत मिळालेल्या नव्हत्या. त्यामुळे त्यांचा काळ कोणता यावर विद्वानांमध्ये मतभेद झाले. काहींनी त्या उत्तर हडप्पा काळातल्या मानल्या, तर काहींनी धातूतल्या अर्सेनिकचं प्रमाण पाहून शंका घेतली. पुढे १९७५ ते १९७९ या काळात एस. ए. साळी यांनी दायमाबादचं उत्खनन केलं, पण त्या चार वस्तूंखालची मूळ माती काही परत आली नाही.

तिसरं नाशिकजवळच्या जोगळटेंभीचं. १९०६ मध्ये तिथे चांदीच्या नाण्यांचा मोठा साठा मिळाला, तेरा हजारांहून अधिक. नाणी क्षत्रप राजा नहपानाची. पण त्यातल्या नऊ हजारांहून जास्त नाण्यांवर गौतमीपुत्र सातकर्णीनं आपला ठसा पुन्हा मारलेला होता. गौतमीपुत्र, म्हणजे आईच्या नावानं ओळखला जाणारा राजा. त्यानं नहपानाचा पराभव केला हे त्याची आई गौतमी बलश्रीच्या नाशिक लेण्यातल्या लेखातही सूचित होतं, पण हजारो नाणी तेच सांगतात तेव्हा शंकेला जागा उरत नाही. हे कळलं कशामुळे? साठ्याची मोजदाद झाली म्हणून. त्यातली नाणी मोजण्याआधीच दहा ठिकाणी विकली गेली असती, तर प्रत्येक ठिकाणी ‘एक जुनं नाणं’ एवढंच उरलं असतं.

वहीतून संगणकात

आता डेटाबेस म्हणजे काय ते सांगते. सोपं आहे. प्रत्येक वस्तूचा एक फॉर्म. त्यात रकाने असतात. नोंद क्रमांक, वस्तूचं नाव, कशाची आहे, लांबी-रुंदी-वजन, सापडल्याची जागा, किती खोल, कोणत्या थरात, कोणाबरोबर, कधी, कोणी आणली, आता कुठे ठेवली आहे. सोबत फोटो, आणि फोटोत वस्तूशेजारी मोजपट्टी. असे हजारो फॉर्म एका जागी जमले की संगणकाला प्रश्न विचारता येतो. ‘काचेच्या हिरव्या बांगड्या कोणकोणत्या गावांत, कोणत्या काळात सापडल्या ते दाखव.’ वह्या चाळून याचं उत्तर शोधायचं म्हणजे एकेका संग्रहात महिनोन्‌महिने बसायचं. इथे ते चहा होईपर्यंत मिळतं. फक्त आधी कुणीतरी रकाने नीट भरलेले हवेत!

रकाने भरायला बसलं की गंमत कळते. जुन्या वहीत नाण्यांना ओळीच्या ओळी असतात. राजा कोण, चिन्ह काय, वजन किती, सगळं. शिलालेखांना तर मानाचं पान. आणि बांगड्या? ‘संकीर्ण. बांगड्यांचे तुकडे. एक पिशवी.’ झालं! त्या पिशवीत किती तुकडे, काचेचे किती, शंखाचे किती, काही नाही. स्वयंपाकघर आणि शृंगार यांची ही पिशवी मी पहिल्यांदा टेबलावर ओतली तेव्हा मोजायला आणि मापायला अख्खा दिवस गेला. आता त्या प्रत्येक तुकड्याला आपला क्रमांक आहे. संगणकाला राजाचं नाणं आणि बाईची बांगडी यांत भेद कळत नाही, त्याला दोन्ही नोंदीच. हा त्याचा गुण मला फार आवडतो.

‘कोणी आणली’ हा रकाना मात्र बहुतेक ठिकाणी रिकामा. एका नोंदीत लिहिलंय, ‘एका बाईने आणून दिले.’ नाव नाही, गावही नाही. त्या ओळीशी माझा हात बराच वेळ थांबला होता.

नावांचा घोळ तर विचारूच नका. हा घोळ बायकांना लगेच कळेल. दहावीच्या मार्कलिस्टवर एक नाव, रेशनकार्डावर दुसरं, बँकेच्या पासबुकावर तिसरं, आणि तिन्ही एकाच बाईची आहेत हे सिद्ध करताना जीव मेटाकुटीला येतो. गावांचंही तसंच. १९७३ साली भोकरदनचं उत्खनन झालं तेव्हा ते औरंगाबाद जिल्ह्यात होतं, १९८१ पासून ते जालना जिल्ह्यात आहे. औरंगाबादचं छत्रपती संभाजीनगर आणि उस्मानाबादचं धाराशिव झालं २०२३ मध्ये. दायमाबादचा अहमदनगर जिल्हा २०२४ मध्ये अहिल्यानगर झाला. पैठणच्या त्याआधीच्या नोंदी शोधायच्या तर निजामाच्या हैदराबाद संस्थानाच्या कागदांत. त्यात कुणी ‘नेवासे’ लिहितो, कुणी ‘नेवासा’. माणूस समजून घेतो, संगणक घेत नाही. त्याला ही वेगवेगळी गावं वाटतात. म्हणून डेटाबेसमध्ये गावाच्या नावाबरोबर अक्षांश-रेखांश लिहितात आणि जुनी-नवी सगळी नावं एकमेकांना जोडून ठेवतात. सरकार बदललं, नाव बदललं, तरी जमिनीवरची जागा हलत नाही.

आणखी एक दुखणं खास आपलं. वीस-पंचवीस वर्षांपूर्वी मराठीतलं कितीतरी काम श्रीलिपी, कृतिदेव, शिवाजी अशा फॉन्टमध्ये टाइप झालं. युनिकोड नंतर रुळलं. त्या जुन्या फायली आज उघडल्या की पडद्यावर नुसता अक्षरांचा काला दिसतो. काही फ्लॉपीवर, काही सीडीवर, आणि ती वाचणारी यंत्रंच आता घरात नाहीत. शंभर वर्षांपूर्वीची शाईची वही अजून वाचता येते आणि वीस वर्षांपूर्वीची फाईल येत नाही! तेव्हा संगणकावर चढवलं म्हणजे सुटलो, असं समजायचं कारण नाही. लोणच्याची बरणी जशी अधूनमधून उघडून बघावी लागते, तसंच या नोंदींचंही. दर काही वर्षांनी त्या नव्या रूपात उतरवून ठेवाव्या लागतात. इंग्लंडात यॉर्क विद्यापीठात १९९६ पासून केवळ पुरातत्त्वाची डिजिटल माहिती सांभाळण्यासाठी एक स्वतंत्र संस्था आहे, यावरून या कामाचं गांभीर्य लक्षात यावं.

तीन गावांतल्या तीन बाहुल्या

नोंदी एकमेकींना भेटल्या की काय होतं त्याची ही गोष्ट. इटलीतलं पाँपेई शहर इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडलं गेलं. तिथल्या एका घरात १९३८ मध्ये जेमतेम वीतभर उंचीची हस्तिदंती स्त्रीमूर्ती सापडली. गळ्यात माळा, हातात कोपरापर्यंत बांगड्या, पायांत वाळे, दोन बाजूंना दोन छोट्या दासी. भारतातली, हे उघडच होतं. लोक तिला ‘पाँपेईची लक्ष्मी’ म्हणू लागले. आरशाची मूठ असावी, नाहीतर एखाद्या लाकडी वस्तूचा पाय. पण भारतातल्या कोणत्या गावची? आधी सगळ्यांचा कल उत्तरेकडे, मथुरेच्या बाजूला होता.

मग आपल्याकडे तेरला तशाच घडणीची हस्तिदंती बाहुली मिळाली. १९७३ मध्ये शां. भा. देव आणि र. शं. गुप्ते यांनी नागपूर आणि मराठवाडा या दोन विद्यापीठांतर्फे भोकरदनला उत्खनन केलं, तेव्हा तिथेही पाँपेईच्या मूर्तीशी जवळचं साम्य असलेल्या मूर्तीचा खालचा भाग हाती लागला. हे भोकरदन म्हणजे जुनं भोगवर्धन. तिथल्या लोकांची नावं सांची आणि भारहुतच्या दानलेखांतही आहेत. मग पाँपेईची ती बाई आपल्या दख्खनमधल्याच कारागिरांच्या हातची असावी, असा विचार पुढे आला. दोन हजार वर्षांपूर्वी नेपल्सच्या बाजूची कुणी श्रीमंत बाई भोकरदनच्या कारागिरानं घडवलेला आरसा हातात धरून केस विंचरत असेल, हे नुसतं मनात आणून बघा!

हे साम्य लक्षात आलं ते तिन्ही ठिकाणचे अहवाल ज्यांच्यासमोर होते त्या मोजक्या अभ्यासकांना. अशा वस्तूंचे फोटो आणि मापं एकाच डेटाबेसमध्ये शेजारीशेजारी असली, तर भोकरदनच्या शाळेतल्या मुलीलाही ते दिसेल. पुढचा दुवा कदाचित तिच्याच लक्षात येईल. म्हणून नोंद करण्याइतकंच ती सगळ्यांना बघायला मिळणंही महत्त्वाचं. पैठणला १९९०च्या दशकाच्या उत्तरार्धात भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षण आणि ब्रिटिश अभ्यासकांनी मिळून उत्खनन केलं. त्याचा डेरेक केनेट आणि सहकाऱ्यांचा सविस्तर ग्रंथ २०२० मध्ये आला. वीस वर्षं लागली खरी, पण तो इंटरनेटवर कुणालाही मोफत वाचता येतो. फक्त तो इंग्रजीत आहे. ज्यांच्या पायाखालची माती त्यात उकलली आहे, त्या पैठणकरांना तो मराठीत मिळाला तर किती छान होईल!

देशाचा डबा केवढा?

२००७ मध्ये केंद्र सरकारनं देशातल्या वास्तू आणि पुरावस्तूंची एक सामायिक यादी करण्यासाठी राष्ट्रीय मोहीम सुरू केली. संसदेच्या एका समितीनं २०२३ मध्ये अहवाल दिला, त्यात देशात अंदाजे ५८ लाख पुरावस्तू असाव्यात असं म्हटलं आहे. त्यांतल्या नोंदल्या गेल्या सुमारे १६ लाख ८० हजार. म्हणजे दहातल्या तीनसुद्धा नाहीत. संग्रहालयांसाठी पुण्याच्या सी-डॅकनं एक सॉफ्टवेअर तयार केलं, त्याचं नाव ‘जतन’. किती नेमकं नाव! देशातल्या मोठ्या संग्रहालयांतल्या वस्तू त्यातून इंटरनेटवर आल्या आहेत. छोट्या गावांतले संग्रह अजून बरेच मागे आहेत.

आणि खरा खजिना तर या छोट्या संग्रहांतच आहे. तेरच्या रामलिंगप्पा लामतुरे यांनी, पैठणच्या बाळासाहेब पाटील यांनी आयुष्यभर गावात सापडणाऱ्या वस्तू जमवल्या. दोघांच्याही नावानं आज तिथे शासकीय संग्रहालयं उभी आहेत. ही माणसं नसती तर त्या वस्तू केव्हाच गावाबाहेर गेल्या असत्या. गावोगाव अशी मंडळी होती आणि आहेत. त्यांच्या पाठीशी नीट नोंदींचं बळ उभं करणं हे आता आपलं काम.

नोंद नसली तर चोरीलाही वाचा फुटत नाही. तमिळनाडूतल्या श्रीपुरंदन गावच्या मंदिरातली नटराजाची मूर्ती चोरीला गेली आणि २००८ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या एका मोठ्या संग्रहालयानं ती लाखो डॉलर मोजून विकत घेतली. ती आपलीच, हे सिद्ध झालं ते पुद्दुचेरीच्या फ्रेंच संस्थेच्या संग्रहातल्या जुन्या फोटोंवरून. २०१४ मध्ये मूर्ती परत आली. ज्या मूर्तीचा फोटोच नाही, ती परत मागायची कशाच्या आधारावर?

इंग्लंडमध्ये १९९७ पासून सामान्य माणसांना सापडलेल्या वस्तूंची नोंद करणारी योजना आहे. शेतकरी, फिरायला जाणारे, मेटल डिटेक्टर घेऊन हिंडणारे हौशी लोक आपल्याला मिळालेलं नाणं किंवा टाचणी जिल्ह्यातल्या नेमलेल्या अधिकाऱ्याला दाखवतात. तो फोटो काढतो, माहिती भरतो आणि बहुतेक वेळा वस्तू परत देतो. आज त्या डेटाबेसमध्ये १५ लाखांहून जास्त वस्तू नोंदलेल्या आहेत आणि त्या कुणीही घरबसल्या बघू शकतं. एक शहाणपण मात्र त्यांनी ठेवलंय. सापडल्याची नेमकी जागा अभ्यासकांनाच दिसते, लोकांना फक्त साधारण परिसर कळतो. नाहीतर चोर फावडी घेऊन हजर!

‘झंझट नको’ म्हणून

आपल्याकडचा कायदा वेगळा आहे. १८७८च्या गुप्तधन कायद्याप्रमाणे जमिनीत दडलेलं दहा रुपयांहून जास्त किमतीचं काही सापडलं तर ते जिल्हाधिकाऱ्यांना कळवावं लागतं. न कळवल्यास शिक्षेचीही तरतूद आहे. दहा रुपये! तेव्हाची मोठी रक्कम आज एका चहाला पुरत नाही. त्यामुळे लोक घाबरतात. ‘जमीन जाईल,’ ‘पोलिसांचा ससेमिरा लागेल,’ ‘झंझट नको बाई,’ असं म्हणून वस्तू पुन्हा मातीत पुरली जाते, नदीत सोडली जाते, नाहीतर भंगारवाल्याकडे जाते. सराफाच्या मुशीत गेली की विषयच संपला.

त्याच कायद्यात शोधणाऱ्याचा आणि जमीनमालकाचा वाटाही लिहिलेला आहे, हे फारच थोड्यांना माहीत असतं. दुसरा कुणी हक्क सांगणारा नसेल आणि दोघांत आधी काही ठरलेलं नसेल, तर तीन हिस्से शोधणाऱ्याचे आणि एक हिस्सा मालकाचा. सरकारनं वस्तू ठेवून घेतली तर धातूच्या किमतीवर आणखी पाचवा हिस्सा जोडून मोबदला द्यायचा, असंही त्यात आहे. शिक्षा सगळ्यांना ठाऊक, वाटा कुणालाच नाही! हे गावात, ग्रामसभेत, बचत गटाच्या बैठकीत कुणीतरी समजावून सांगायला हवं. भीती गेली तरच नोंदी वाढतील.

आपण काय करू शकतो?

आपल्याला पुरातत्त्वज्ञ व्हायची गरज नाही. रोजच्या जगण्यातलं थोडं भान पुरे आहे.

शेतात, आडाच्या किंवा घराच्या पायाच्या खोदकामात काही दिसलं तर आधी हात थांबवा. आहे तिथेच, न हलवता मोबाइलवर फोटो काढा. शेजारी मोजपट्टी ठेवा, नसेल तर काडेपेटी ठेवा, म्हणजे आकाराचा अंदाज येतो. मोबाइलमध्ये ठिकाण दिसतं, ते लिहून घ्या.

वस्तू धुऊ नका, घासू नका, तेल-शेंदूर लावू नका. नेवाशाचा दोरा आठवा.

कागदावर लिहा. गाव, तालुका, गट क्रमांक, तारीख, किती हात खोल, आजूबाजूला काय होतं. राख, विटा, हाडं, खापरं, जे दिसलं ते. आणि कुणाला सापडलं तिचं पूर्ण नाव.

मग तलाठ्याला आणि तहसील किंवा जिल्हाधिकारी कार्यालयाला कळवा. छत्रपती संभाजीनगरात राज्य पुरातत्त्व विभागाचं आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचं अशी दोन्ही कार्यालयं आहेत. डॉ. बाबासाहेब आंबेडकर मराठवाडा विद्यापीठाचं इतिहास वस्तुसंग्रहालयही आहे. कळवल्याची पोच घ्यायला विसरू नका. जागेचा पत्ता व्हॉट्सअॅपवर मात्र टाकू नका.

आणि घरात आधीपासून पडून असलेल्या वस्तू? त्याबद्दल घरातल्या सगळ्यांत वडीलधाऱ्या बाईला विचारा. ‘आजी, हे कोणत्या शेतातलं? कोणत्या सालचं? दुष्काळाआधीचं की नंतरचं?’ बायका साल सांगत नाहीत, पण ‘थोरल्या लेकीच्या लग्नाच्या वर्षी विहीर खणली तेव्हा’ असं हमखास सांगतात. लग्नाचं साल कळलं की विहिरीचं कळतं, विहिरीचं कळलं की मण्याचं. एका आजींनी मला असाच एक मणी कोणत्या बांधाच्या कोणत्या कोपऱ्यात मिळाला ते जागेवर नेऊन दाखवलं होतं, चाळीस वर्षांनंतर! असली माहिती कुठल्याही संगणकात नाही. ती त्या बाईबरोबरच जाते. म्हणून आधी ती लिहून घ्यायची घाई करायला हवी, मणी थांबू शकतो.

कॉलेजात शिकणाऱ्या मुलींनाही मला एक सांगावंसं वाटतं. या कामाला संगणक येणारी, मराठी नीट वाचणारी आणि गावात जाऊन बायकांशी ओट्यावर बसून बोलू शकणारी माणसं हवी आहेत. मोडी येत असेल तर सोन्याहून पिवळं. इतिहास घेऊन काय करणार, असं घरचे विचारतात ना? हेही एक काम आहे.

आमच्याकडच्या फॉर्ममध्ये आता ‘कोणी आणली’ याऐवजी ‘शोधणाऱ्या व्यक्तीचं नाव’ असा रकाना आहे आणि तो रिकामा असेल तर संगणक पुढे जाऊच देत नाही. नाव खरंच माहीत नसेल तर तसं स्पष्ट लिहावं लागतं. गेल्या महिन्यात त्या रकान्यात मी एका शेतमजूर बाईंचं नाव घातलं. तिला सापडला होता मातीचा एक साधा दिवा, काठ फुटलेला. नोंद वाचून दाखवली तेव्हा दिव्यात तिला फार रस नव्हता. तिनं फक्त विचारलं, “माझं नाव बरोबर लिहिलंय ना? आडनावासकट?”

लिहिलंय, आडनावासकट.